उजव्या कोपऱ्यातला काहलन

मंगळवार, १७ सप्टेंबर २०१९. सकाळी साडेदहाच्या सुमारास अट्राक्टा फिनर्टी फेस्टस काहलनच्या स्वयंपाकघरात यादी घेऊन आली. किलब्रॅकन या आयरिश गावातल्या हर्लिंग क्लबच्या, म्हणजे काठी-चेंडूच्या खेळाच्या क्लबच्या, नव्या इमारतीवर, १९५९ साली कौंटीचा, म्हणजे जिल्ह्याचा, चषक जिंकलेल्या संघाची दगडी पाटी बसणार होती. अट्राक्टा क्लबची सचिव. तिशीही न गाठलेली, आणि चहाचा घोट घेतानाही बोलणं न थांबवणारी.

"पंधरा नावं आहेत, त्या वेळच्या वर्तमानपत्रातून उतरवलीत. शुक्रवारी पाथरवटाकडे देणार. एकदा कोरलं की कोरलं! तुम्ही नजर टाकलीत की मी सुटले."

फेस्टसने चष्मा लावला. उजव्या कोपऱ्यातला बचावपटू : जारलथ काहलन.

"शेवटच्या मिनिटाला गोलरेषेवरून चेंडू परतवला तो तुमच्या धाकट्या भावानंच ना? काय हो, तुम्ही बारा वर्षं खेळलात आणि नेमके त्याच वर्षी घरी बसलात. कपाळ म्हणतात ते हेच!"

"हं," फेस्टस म्हणाला. "यादी राहू दे इथे. शुक्रवारच्या आत फोन करतो."

ती गेल्यावर त्याने ते नाव पुन्हा वाचलं. तो चेंडू खरं तर फेस्टसनेच परतवला होता.

१९५९च्या जूनमध्ये तो रग्बीचा सामना बघायला गेला होता. खेळाची आवड म्हणून नव्हे; ज्या मुलीवर मन बसलं होतं तिचा भाऊ खेळत होता. पण हर्लिंग खेळणाऱ्याने रग्बीसारखा इंग्रजांचा, परकीय खेळ बघायचा नाही, असा तेव्हा नियम होता आणि पाळत ठेवणारी माणसंही होती. सहा महिन्यांची बंदी आली. जारलथ मार्चमध्येच इंग्लंडात कॉव्हेंट्रीला मोटारींच्या कारखान्यात कामाला गेला होता. त्याचं नाव मात्र क्लबच्या यादीत तसंच होतं, आणि दोघे भाऊ एका साच्यातून काढलेले. प्रशिक्षकाने सुचवलं आणि फेस्टस जारलथ झाला.

गावच्या चर्चचे धर्मगुरू फादर कडिही क्लबचे अध्यक्ष. ते म्हणाले, "मला काही सांगू नका, म्हणजे मला काही माहीत नसेल."

मैदानात कुणाच्या तोंडून चुकून खरं नाव निघालं, तर हरलेला संघ तक्रार करणार आणि चषक जाणार. म्हणून सगळ्या गावाने चार महिने त्याला जारलथच म्हटलं. दुकानात, चर्चच्या दारात, घरीसुद्धा. आई म्हणायची, "सवय नको का व्हायला? जारलथ, बटाटे काढून आण." सामना रविवारी ११ ऑक्टोबरला झाला. किलब्रॅकन एका गुणाने जिंकलं. पुढे बंदी संपली तरी आईच्या जिभेचं वळण गेलं नाही. "जार... फेस्टस... कोण असशील तो, जेवायला ये!"

गुपित फुटलं नाही. फेस्टस १९६६पर्यंत खेळला, डाव्या हाताची दोन बोटं वाकडी करून घेतली, पण स्वतःच्या नावावर चषक एकही नाही.

आता साठ वर्षांनी कोण तक्रार करणार? नुसतं खरं सांगायचं. पण एका माणसाच्या शब्दाला कोण विचारतो! साक्षीदार हवा. संघातला दुसरा जिवंत माणूस एकच, गोलरक्षक मिको ड्युएन. बुधवारी दुपारी फेस्टस वृद्धाश्रमात गेला.

मिकोचा चेहरा उजळला. "जारलथ! इंग्लंडहून कधी आलास?"

"अरे बाबा, मी फेस्टस."

"फेस्टसला बंदी होती." मिकोने आवाज खाली आणला, दाराकडे बघितलं. "मला नको शिकवूस. माझ्यामागून चेंडू काढलास तो तूच. पाऊस काय कोसळत होता!"

"पाऊस? कडक ऊन होतं. डोळ्यांवर येत होतं."

"बघ, म्हणजे तू फेस्टस असशील तर तिथे नव्हतासच," मिको खुशीत म्हणाला.

फेस्टस घरी आला तो डोकं धरूनच. त्याच संध्याकाळी जारलथच्या मुलीचा, बर्नडेटचा, कॉव्हेंट्रीहून फोन आला. जारलथ फेब्रुवारीत वारला होता. "काका, पाटीच्या दिवशी मी येणार. बाबांच्या पाकिटात त्या सामन्याच्या बातमीचं कात्रण शेवटपर्यंत होतं. हॉस्पिटलात नर्सला सांगत होते, पावसात चेंडू साबणासारखा निसटत होता म्हणून."

पाऊस, पुन्हा पाऊस! जारलथला हे कोणी सांगितलं? आपणच पत्रातून कळवलं असेल का? मग ऊन कुठल्या सामन्यातलं? फेस्टसला रात्रभर उलगडेना. ज्याला त्या दिवसाचं ऊन-पाऊसही सांगता येत नाही, त्याने मेलेल्या भावाचं नाव कुठल्या तोंडाने खोडायचं? आणि नाही खोडलं, तर बारा वर्षांचं आपलं काय उरतं? गुरुवारी त्याने दोनदा फोन उचलून खाली ठेवला. तिसऱ्यांदा अट्राक्टाला म्हणाला, "यादी बरोबर आहे."

१३ ऑक्टोबरला पाटीवरचं कापड निघालं. बर्नडेटने वडिलांच्या नावावरून बोट फिरवलं आणि फेस्टसच्या दंडात हात घालून त्याला बाजूच्या बाकावर बसवलं.

"काका, तुम्ही कुठून बघत होता?"

हा प्रश्न येईल हे त्याच्या ध्यानातच आलं नव्हतं. "मी? गोलच्या मागे. कुंपणाच्या भिंतीवर बसलो होतो."

"मग तुम्हाला सगळं दिसलं असेल!"

"दिसलं की." तो सांगायला लागला. मिको आडवा पडलेला, चेंडू रेषेकडे घरंगळत चाललेला, उजवीकडून एक जण धावत आला, गुडघ्यावर घसरला आणि काठी जमिनीलगत फिरवली. सांगता सांगता त्याला ते खरोखर मागून दिसत होतं : चिखलाने भरलेली पाठ, वर गेलेली काठी. स्वतःची पाठ माणसाला कधी दिसते का? मग ही कोणाची?

"बाबा खरंच इतके चांगले खेळायचे?"

"पोरी, त्या दिवशी त्याच्या तोडीचं मैदानात कोणी नव्हतं."

बर्नडेटने डोळे पुसले. "पुन्हा सांगा ना, अगदी पहिल्यापासून."

"सांगतो की," फेस्टस म्हणाला. "पण थांब, मी कुठे बसलो होतो म्हणालो?"