न लावलेला कौल

आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं साधं काम म्हणजे परसातल्या कणगीच्या वेलाचे कंद उकरणं. कुदळ मारण्याआधी तो देवळात जाऊन आला.

"कुठनं सुरू करायचं ते देवाला इचारलं."

"वेल दिसतोय की डोळ्यांना," मी म्हणालो.

"डोळं फसवत्यात, दादा."

तो आमचा शेजारी आणि गावच्या देवळाचा पुजारी. कौल तोच लावायचा. देवाच्या दगडावर दोन ओल्या पाकळ्या चिकटवायच्या. उजवी आधी पडली की होकार, डावी पडली की नकार. लोक पेरणीला, लग्नाला कौल मागतात. हा दाढी करायलाही मागायचा. डावी पडली की आठ दिवस खुंट वाढवून फिरायचा. माझी बायको म्हणायची, "भावोजी, जेवा तरी आपल्या मनानं." तो हसून पानावर बसायचा. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील.

त्या वर्षी बायको तापानं गेली. गावातली आणखी चौघं गेली. देवळात एक गोसावी उतरला होता. तो म्हणाला, झऱ्याजवळच्या सिद्द्यानं पाणी विटाळलं, देव कोपलाय, त्याचं घर जाळा. मला ते पटलं. खोटं कशाला लिहू. राग कुणावर तरी काढायचा होता.

पण कौलाशिवाय आमच्यात कुणी पाऊल उचलत नाही. कंद उकरले त्याच दुपारी सगळे देवळापुढं जमलो. मीच पुढं होतो.

"लाव कौल."

त्यानं हात पाठीमागं घेतले. "ह्ये इचारणार न्हाई."

"दाढीचं इचारतोस, आन् ह्ये न्हाई?"

"न्हाई."

गोसावी म्हणाला, "देव हो म्हणेल, याची भीती वाटते तुला."

"व्हय, वाटते. हो म्हणाला तर मी कुठं जाऊ? मला दुसरा देव न्हाई." मग माझ्याकडं वळला. "दादा, त्येच्या घरात दोन पोरी हायत. ह्येला पाकळी कशाला पायजे?"

मी मान धरून त्याला ढकललं. पायरीच्या कडेवर डोकं आपटलं. तो उठला, रक्त पुसलं, आणि परत दारातच बसला. एकेक करून माणसं घरी गेली. सिद्द्याचं घर राहिलं.

दिवस मावळता तो बसल्या जागीच गेला. पाटलाला सगळ्यांनी एकच सांगितलं, पाय घसरला. मी तिथंच उभा होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी एकटाच पाटलाकडं गेलो. तो तंबाखू मळत होता.

"पाय घसरला न्हाई," मी म्हणालो. "मी ढकलला. तसं लिवा."