मूकपटातली शेवटची पाटी

मिशिगनमधल्या नोव्हायला आम्ही दोघे मित्र एकाच अपार्टमेंटमध्ये राहायचो आणि एकाच प्रोजेक्टवर होतो. २००२च्या हिवाळ्यात दोघांपैकी एकालाच ठेवणार, अशी कुजबुज सुरू झाली. मिनेसोटात गुपचूप इंटरव्ह्यू दिल्याचं मित्रानं फक्त मला सांगितलं होतं. मी ते मॅनेजरच्या कानावर घातलं. मी राहिलो, त्याला घरी बसवलं. मिनेसोटाचं काही ठरेना आणि व्हिसाची टांगती तलवार डोक्यावर. तरी हा पठ्ठ्या रोज सकाळी माझा डबा भरून द्यायचा.

एका रविवारी दुपारी मी लायब्ररीतून जुन्या जर्मन मूकपटाची कॅसेट आणली. गोष्ट चोरांच्या टोळीची. इंग्रजी सबटायटल्स नव्हती, पण मित्रानं पुण्यात जर्मनच्या परीक्षा दिल्या होत्या. जर्मनीला जायचं म्हणून शिकला आणि पोचला मिशिगनला! पडद्यावर मजकुराची पाटी आली की तो मराठीत वाचून दाखवायचा.

काय सिनेमा होता! आमच्याकडे पानभर संवाद देऊनही जे जमत नाही, ते त्या नटांनी तोंड न उघडता केलं होतं. फितूर झालेला चोर तर नुसता हातातली टोपी फिरवत उभा राहायचा. मला त्याच्याकडे बघवेना. शेवटी बेड्या घातलेला म्होरक्या दारात थांबतो, फितुराकडे बघतो, त्याचे ओठ हलतात. पाटी आली.

मित्रानं ती वाचून दाखवली, "जाऊ दे. तुझ्या जागी मीही घाबरलो असतो."

मला भरून आलं. सगळं सांगून टाकायला तोंड उघडलं आणि चहा टाकायला उठलो. पुढच्या महिन्यात त्याला मिनेसोटातल्या ईडन प्रेरीत जॉब मिळाला, तो गेला.

२००७ साली नेपरव्हिलच्या माझ्या नव्या घरी तोच सिनेमा डीव्हीडीवर पाहिला, इंग्रजी सबटायटल्ससकट. तितकाच आवडला. शेवटची पाटी आली: 'कुठेही लपलास तरी तुला शोधून काढीन.' मी ती तीनदा मागे नेऊन वाचली.

मग त्याला फोन लावला. "यार, तुझ्या इंटरव्ह्यूचं मॅनेजरला मीच सांगितलं होतं."

"माहितीये. त्यानं मला त्याच दिवशी सांगितलं."

"मग ती पाटी तू तशी का वाचलीस?"

"मला वाटलं, तेवढं ऐकून तरी तू बोलशील."