उजव्या बाजूची गिटार

चुडाव्याच्या शाळेत इंग्रजी शिकवणाऱ्या व्यंकटराव चारठाणकरांना एकच शौक होता, आणि परभणीच्या त्यांच्या गल्लीत तो कुणाला कळण्यासारखा नव्हता. औरंगाबादेत कॉलेजात असताना त्यांनी एका परदेशी रॉक बँडच्या मैफलीचा सिनेमा पाहिला होता. मैदानभर लोक, धुराचे लोट, आणि पडद्याच्या उजवीकडे उभा राहून गिटार वाजवणारा एक काटकुळा पोरगा. पुढं नोकरी लागली, हेमाताईंशी लग्न झालं, उत्तरा झाली. मास्तर कीर्तनालाही नेमानं जाऊ लागले. पण तेव्हा घेतलेली त्या मैफलीची कॅसेट त्यांनी टाकली नाही. तिच्यातून गाण्यापेक्षा खरखरच जास्त यायची. तरी गिटार सुरू झाली की मास्तर हातातलं काम खाली ठेवत.

निवृत्ती जवळ आली आणि तो सिनेमा नव्यानं निघाला. मूळ ध्वनिफिती शोधून, एकेक वाद्य धुवून पुसून स्वच्छ केलं होतं म्हणे. उत्तरानं पुण्याहून डिस्क पाठवली, सोबत चांगला हेडफोन. आईला बीपी, मोठा आवाज सोसत नाही, हे तिला ठाऊक होतं.

रविवारी जेवणं झाली तसे मास्तर हेडफोन चढवून बसले. ड्रमवर पहिली थाप पडली आणि अंगावर सरसरून काटा आला. डावीकडून ऑर्गन असा उठला, जणू वाजवणारा मांडीला मांडी लावून शेजारी बसलाय. मग तो काटकुळा पोरगा पुढं आला. त्यानं डोळे मिटले, बोटं तारांवरून धावायला लागली. आवाज मात्र आला खोल विहिरीतून हाक यावी तसा. मग तोही विरला.

मास्तरांनी चिडून पुण्याला फोन लावला.

"उत्तरा, डिस्क खराब निघाली गं. यात गिटारच न्हाई!"

"असं कसं बाबा? लोक तर गिटारीचीच तारीफ करायलेत. हेडफोनची एक बाजू गेली असंल. उलटा घालून बघा."

त्यांनी उलटा घातला. गिटार आली! इतकी धारदार, इतकी जवळ, की डोळ्यांत पाणी उभं राहिलं. पण ती डाव्या कानात आली होती. आणि पडद्यावर ऑर्गनवाला मान डोलवत नुसताच बोटं नाचवत होता, मुक्यासारखा.

पुन्हा सुलटा. पुन्हा उलटा. हेडफोन दोन्हीकडून धडधाकट होता.

मास्तरांनी तो काढून मांडीवर ठेवला. तेव्हा उजव्या कानातली ती बारीक सूं सूं त्यांच्या ध्यानात आली. उन्हाळ्यापासून ते ती कूलरची समजत होते. कूलर तर कधीच माळ्यावर गेला होता.

"झाला का सिनेमा?" हेमाताईंनी आतून विचारलं.

"झाला. लय चांगला केलाय," मास्तर म्हणाले.

उत्तराला त्यांनी हेडफोनच बिघडल्याचं सांगून टाकलं. मग जेवताना पाट बदलला, हेमाताई डावीकडे येतील असा. फोन डाव्या कानाला गेला. वर्गात उजव्या रांगेतली पोरं काय कुजबुजतात ते कळेनासं झालं. एकदा शाळेच्या पायऱ्या उतरताना जमीन कलल्यासारखी वाटली आणि त्यांनी भिंत धरली. दाढी करताना उजवा गाल परक्याचा असल्यासारखा लागे. वय झालं की कान जायचेच, असं ते मनाला समजावत. मग एकच का गेला, हा प्रश्न मात्र पुरा होऊ देत नसत.

एका संध्याकाळी शाळा सुटल्यावर ते चुडावा स्टेशनात रूळ ओलांडत होते. सगळेच तिथून ओलांडत. भोंगा वाजला. मास्तरांनी चटकन डावीकडे पाहिलं. रूळ रिकामा होता. त्यांनी पाऊल टाकलं, तोच मागून कुणीतरी सदरा असा हिसडला की ते खडीवर बसलेच. उजवीकडून आलेली मालगाडी तोंडासमोरून धडधडत गेली.

सदरा धरला होता शेळ्या चारणाऱ्या अंबाबाईनं. तिची नात मास्तरांच्या वर्गात होती. शेळ्या उधळून पार कुंपणापाशी गेल्या होत्या.

"अवं मास्तर, किती वरडायले मी! भोंगा बी ऐकू येईना व्हय तुमाला?"

"आला ना ऐकू," मास्तर म्हणाले. त्यांनी रिकाम्या बाजूला हात केला. "पण तिकडून आला."

अंबाबाईनं तिकडं पाहिलं. मग त्यांच्याकडं पाहिलं.

"घरी सांगा, मास्तर," ती हळूच म्हणाली. "आजच सांगा."

त्यांनी सांगितलं. हेमाताईंनी कणकेनं भरलेला हात तसाच ठेवून विचारलं, "कवापासून?"

"सिनेमा आला तेव्हापासून कळायलंय. झालंय कवापासून, देव जाणे."

नांदेडला तपासण्या झाल्या. कानामागच्या नसेवर गाठ होती. डॉक्टर म्हणाले, कॅन्सर नाही, पण मेंदूला टेकायला लागलीय, काढावीच लागेल. हा कान वाचणार नाही. चेहऱ्याची नसही तिथूनच जाते.

ऑपरेशनसाठी हैदराबादला निघायच्या आदल्या दिवशी हेमाताई आपणहून म्हणाल्या, "लावा तो सिनेमा. मी बी बघते." मास्तरांनी हेडफोन काढून टाकला आणि आवाज खोलीत सोडला. कधी नव्हे ते हेमाताई इंग्रजी गाण्याला बसल्या, मास्तरांच्या उजव्या बाजूला. पडद्यावर त्या पोरानं डोळे मिटले, पण उजवीकडची गिटार मास्तरांपर्यंत अर्धवटच पोचली.

"काय करायलाय तो?" मास्तरांनी विचारलं.

हेमाताईंनी बराच वेळ कान दिला. "रडायलाय," त्या म्हणाल्या. "पण चांगला रडायलाय."

ऑपरेशन पार पडलं. कान गेला, तोंड थोडं वाकडं झालं, जीव राहिला. चेहऱ्याच्या नसेला चिकटलेला गाठीचा एक कण डॉक्टरांनी तसाच सोडला. दरसाल स्कॅन करून त्यावर नजर ठेवायची.

आता मास्तर निवृत्त होऊन घरीच असतात. संध्याकाळी दोघं बातम्या बघतात, मास्तर उरलेल्या डाव्या कानानं ऐकतात. अलीकडे हेमाताई मधूनच रिमोट उचलून मास्तरांनी लावलेला आवाज कमी करतात, आणि करण्याआधी पडद्यावरचा आवाजाचा आकडा बघतात. तो वाढायलाय. त्या बघतात हे मास्तरांना दिसतं. स्कॅनची तारीख अजून लांब आहे. बातम्या संपतात, जाहिराती लागतात, आणि दोघंही समोर बघत बसून राहतात.