फिनलंडवाल्याचा काळोख, कार्डिफमध्ये

माझी बायको सुनंदा गेल्यापासून घराबाहेर पडावंसं वाटत नव्हतं. मग कार्डिफहून आमच्या केतकीचा फोन आला. "बाबा, आईच्या त्या फिनलंडवालाचे पिक्चर लागलेत इथे. फुल वीकेंड. तुम्ही येतायत." तिने विचारलं नाही, सांगितलं.

फिनलंडवाला म्हणजे पन्नासच्या दशकातला तिथला एक कॅमेरामन. त्याचं नाव आम्हाला कधी धड उच्चारता आलं नाही. लग्नानंतर लंडनमधल्या इल्फर्डच्या एका फिल्म क्लबात त्याचा सिनेमा पाहिला होता. त्यात एक बाई कंदील घेऊन हिवाळ्यातल्या जंगलातून घरी येते. पडदा जवळजवळ सगळा काळा. फक्त कंदिलाचा ठिपका आणि तिची बोटं. सुनंदा हॉस्पिटलात एक्सरे काढायची, काळ्या-करड्या छटांवर तिची नोकरी. ती म्हणाली होती, "बघ, काय दाखवायचं नाही हे त्याला बरोबर कळतं." तो काळोख मला पुन्हा एकदा बघायचा होता. त्यासाठीच निघालो.

हाउन्सलोहून बसने हीथ्रो, तिथून कार्डिफचा कोच. तिकीट आधी काढा, स्वस्त पडतं. गाडीने जाणार असाल तर सेव्हर्न नदीच्या पुलावरचा टोल आता बंद झालाय; पूर्वी तो वेल्समध्ये शिरतानाच लागायचा, परतताना फुकट. यामागचं लॉजिक मला कुणी सांगितलं नाही. मार्केटातले वेल्श केक मात्र गरम असतानाच खा.

शनिवारी थिएटरात पोचलो आणि पत्रक हातात पडलं. महोत्सव कॅमेरामनचा, फोटो सगळे दिग्दर्शकांचे! त्याच्याबद्दल चारच ओळी: स्टुडिओत दिवे उचलले, युद्धात आघाडीवर चित्रण केलं, मग काळे-पांढरे सिनेमे, रंगीत आल्यावर काम आटलं, शेवटी साबणाच्या जाहिराती. अख्ख्या आयुष्याची ही किंमत?

खरा संताप पुढेच होता. कंदिलाचा प्रसंग आला आणि जंगल लख्ख उजळलेलं! झाडामागे लपवलेली दिव्याची वायरसुद्धा दिसत होती.

सिनेमा संपल्यावर प्रश्नोत्तरं झाली. मी सहसा सभेत बोलत नाही. त्या दिवशी उभा राहिलो.

"एवढा उजेड कुठून आला?" मी विचारलं.

आयोजक हसून म्हणाला, "लोक तक्रार करतात, काही दिसत नाही म्हणून. आम्ही ब्राइटनेस जरा वाढवला."

"दिसू नये म्हणूनच त्याने रात्र रात्र काम केलं असेल ना!" माझा आवाज चढला.

केतकी कोट ओढत होती. "बाबा, बसा ना. सगळे बघतायत."

"बघू देत. इथे सगळं दिसावं अशीच सोय केलेली आहे."

रविवारी तोच सिनेमा पुन्हा होता. आयोजकाने ब्राइटनेस कमी करायचं कबूल केलं. पण सुरुवातीला घोषणा केली: "आज काही भाग अंधारे दिसतील, त्याबद्दल क्षमस्व." क्षमा कसली मागता? तो अंधार त्या माणसाने मेहनतीने घडवला होता!

मग तो प्रसंग आला. पडदा काळा, ठिपका, बोटं. अगदी तसंच. तेवढ्यात मागून एकजण म्हणाला, "बल्ब गेला वाटतं," आणि दोन-चार जण हसले. मी वळून त्याला गप्प केलं. पुन्हा पुढे पाहिलं तर बाई दारापर्यंत पोचली होती.

हाउन्सलोला परतून आता आठवडा झाला. राग गेलेला नाही. तुम्ही असा महोत्सव बघायला जाणार असाल तर आधी फोन करून विचारा, सिनेमा जसा काढला तसाच दाखवणार का. एवढ्या लांब जाऊन मला माझ्या काळोखाचा अर्धाच भाग मिळाला, आणि तोही भांडून.

काल केतकीचा फोन आला. "बाबा, त्या सीनला तुम्ही रडलात का? मी मुद्दाम बघितलं नाही तुमच्याकडे."

"नाही गं. त्या माणसाला दटावण्यात वेळ गेला."

ती म्हणाली, "मी रडली. पूर्ण सीनभर. इतका अंधार होता ना, कुणाला कळलंच नाही."