तीन कोऱ्या जागा

नगरच्या कापडबाजारामागच्या बोळात लालमहंमद बाइंडरचं दुकान होतं. दुकान म्हणायचं ते आपलं म्हणायला. एका भिंतीला पुस्तकं कापायचं मशीन, दुसऱ्या भिंतीला पुस्तकं दाबायचा लाकडी शिकंजा, आणि मधे उरलेल्या जागेत लालमहंमद. गिऱ्हाईक आलं की त्याने उंबऱ्याबाहेर उभं राहायचं, अशी तिथली व्यवस्था. शाळांची हजेरीबुकं, कॉलेजच्या लायब्ररीतली पुस्तकं, वकिलांचे कायद्याचे ठोकळे, घरोघरच्या पोथ्या आणि कुराणशरीफ, सगळं त्याच्या हाताखालून जायचं. खळीत मोरचूद कालवून कालवून त्याच्या बोटांना निळसर झाक आली होती आणि ती जुम्म्याच्या दिवशीही जात नसे.

माणूस कामाचा पक्का आणि त्याहून जास्त कामाचा गर्विष्ठ. त्याचा गर्व होता पुस्तकाच्या कडेवर. शिवून झालेलं पुस्तक मशीनखाली धरायचं, चाक फिरवायचं, पातं खाली आणायचं, की कड अशी निघाली पाहिजे की बोट कुठे अडखळता कामा नये. गिऱ्हाइकाला पुस्तक देताना तो पुठ्ठा दाखवत नसे, कड दाखवत असे. समोरच्याने कडेवरून बोट फिरवून "वा चाचा" म्हटल्याशिवाय पुस्तक हातातून सुटत नसे.

उस्तादाने शिकवलेला एक नियम मात्र त्याने तीस वर्षं पाळला होता. पोथी असो की कुराण, पातं लावायच्या आधी समास चाळायचा. लोक समासात घरच्या गोष्टी लिहून ठेवतात. कुणाच्या पोथीत पोरांच्या जन्माच्या तिथी, कुणाच्या कुराणात बापाच्या मातीचा दिवस. असं काही दिसलं की लालमहंमद ती कड तशीच सोडायचा. ओबडधोबड राहिली तरी राहू दे. तेव्हा समासात लिहिलेलं काय असतं, हे त्याला ठाऊक नव्हतं असं कुणी म्हणू नये. पुढे त्याने स्वतःही कधी तसं म्हटलं नाही.

मोठ्या दुष्काळाच्या आदल्या वर्षीची, हिवाळ्यातली गोष्ट. आसाराम टांगेवाल्याचा टांगा बोळाच्या तोंडाशी थांबला आणि त्यातून एक गोरी बाई उतरली. त्या काळात अरणगावला एका बाबांच्या समाधीवर परदेशी माणसं येऊन राहायची. स्टेशनवरून त्यांना नेता-आणता आसारामला टांग्यापुरतं इंग्रजी यायला लागलं होतं.

"चाचा, ही रूथबाई," आसाराम म्हणाला. "तिचं पुस्तक पार खिळखिळं झालंय. बांधून द्या म्हणती."

बाईने पिशवीतून पुस्तक काढलं. पानं सुटलेली, पाठ उसवलेली, कडा उंदराने कुरतडल्यासारख्या. ते देताना तिने एका पानाच्या समासावरून हलकेच बोट फिरवलं आणि काहीतरी बोलली.

"जपून करा म्हणती," आसारामने सांगितलं.

"जपूनच करतो मी," लालमहंमद जरा ठसक्यातच म्हणाला. हा काय नवीन धंदा होता त्याचा!

बाई गेल्यावर त्याने पुस्तक उघडलं. इंग्रजी त्याला येत नव्हतं, पण चित्रं बघायला इंग्रजी कशाला लागतं? केस खांद्यापर्यंत वाढवलेले बाप्ये, पायात घोळदार विजारी, गळ्यात गिटार, आणि तोंडं अशी वासलेली की जणू सगळ्यांची दाढ एकदमच दुखतेय. तेवढ्यात कॉलेजच्या लायब्ररीतला कारकून सहादेव बांधायची पुस्तकं घेऊन आला. तो उंबऱ्यात उभा राहून दोन-चार पानं वाचून हसायलाच लागला.

"चाचा, हा रॉक म्युझिकचा इतिहास आहे. धांगडधिंग्याचा! ह्याचासुद्धा इतिहास लिहितात म्हणजे कमालच आहे."

दोघंही हसले. आणि पुढे जे झालं त्याची सुरुवात त्या हसण्यातच झाली.

दुपारी पुस्तक शिवून झालं. कापण्यापूर्वी लालमहंमदने सवयीने समास चाळला. निळ्या शाईने जागोजागी लिहिलेलं होतं. उभं, आडवं, बाण काढलेले, एके ठिकाणी हसरं तोंडसुद्धा काढलेलं. पोथीत असतं तर त्याचा हात तिथेच थांबला असता. पण त्याला डोळ्यांपुढे दिसली ती लायब्ररीची पुस्तकं, ज्यांत वाह्यात पोरं नाही नाही ते लिहून ठेवतात. असल्या पुस्तकात असल्याच कुणीतरी गिरवलेलं असणार! कुरतडलेली कड काढायला दोऱ्याएवढं कापलं असतं तरी पुरत होतं. त्याने मुद्दाम बोटभर आत धरलं, म्हणजे शाईची घाण निघून जाईल. चाक फिरवलं. पातं उतरलं. निळ्या शाईच्या पट्ट्या खालच्या पोत्यात पडल्या, आणि पुस्तक न्हाऊमाखू घातलेल्या पोरासारखं स्वच्छ दिसायला लागलं. लालमहंमद स्वतःवर बेहद्द खूश झाला.

चौथ्या दिवशी रूथबाई आली. त्याने नेहमीसारखी कड पुढे केली. तिने पुस्तक उघडलं. एक पान उलटलं, दुसरं उलटलं, मग भराभर पाच-पंचवीस. मग ती थांबली. कडेवरून तिने बोट फिरवलं खरं, पण "वा" वगैरे काही म्हणाली नाही. पुस्तक मिटून पिशवीत ठेवलं, दोन्ही हात जोडून नमस्कार केला आणि टांग्यात जाऊन बसली.

काहीतरी चुकलंय, हे लालमहंमदला तेव्हाच कळलं होतं. काय चुकलं ते दुसऱ्या दिवशी आसारामने सांगितलं.

"काय केलंत चाचा? अरणगावपातुर रडत हुती ती. भावाचं अक्षर हुतं म्हनं त्यात. धाकला भाऊ. लढाईवर गेला तितंच संपला. ह्ये पुस्तकच तेवढं ऱ्हायलंय तिच्यापाशी."

"मग सांगायचं नाही का तिने?" लालमहंमद एकदम उसळला. "मला काय सपान पडतं?"

आसाराम घोड्याला वैरण टाकायला निघून गेला.

दोन दिवस लालमहंमद स्वतःशी हेच भांडण भांडत राहिला. तिने सांगायला पाहिजे होतं. आसारामने नीट विचारायला पाहिजे होतं. इंग्रजी आपल्याला येत नाही, त्याला आपण काय करणार? तिसऱ्या दिवशी जेवताना त्याने इमामबीला सगळं सांगितलं. बायको आपली बाजू घेईल, एवढीच आशा. ती भाकरी थापत होती. हात न थांबवता तिने विचारलं, "देख के काटे क्या?"

एवढा वेळ त्याने सगळ्यांना दोष देऊन पाहिला होता, फक्त हा एक प्रश्न स्वतःला विचारला नव्हता. त्याने बघितलं होतं. बघून, मुद्दाम, बोटभर आत धरून कापलं होतं. का, तर ते पुस्तक आपल्या लेखी हसण्यावारी न्यायचं होतं म्हणून. त्याला स्वतःची लाज वाटली, इतकी की ताटावरून तो तसाच उठला.

दुकानात येऊन त्याने कातरणाचं पोतं उपडं केलं. निळ्या शाईच्या थोड्याच पट्ट्या तळाशी होत्या. बाकीचं कातरण कुठे गेलं हे आठवायला वेळ लागला नाही. झुंबरबाई कासारीण बांगड्यांच्या पेटीत भरायला दर आठवड्याला कातरण न्यायची. ती भिंगारच्या बाजारात बसलेली सापडली.

"कातरन? आवं चाचा, निम्मं तर गिऱ्हाइकाच्या बांगड्यांसंगं गेलं बी," ती म्हणाली. पण त्याचं तोंड बघून तिने पुढे काही विचारलं नाही. भर बाजारात पेटी उघडली, एकेक बांगडी काढून मांडीवर ठेवली आणि खालचं सगळं कातरण त्याच्यापुढे ओतलं. लालमहंमद धुळीत उकिडवा बसून निळ्या शाईच्या पट्ट्या वेचत राहिला. हजेरीबुकांची निळी रेघ आणि त्या पोराची शाई यातला फरक त्याला लांबूनही कळायला लागला होता.

सापडलं तेवढं बिस्किटाच्या डब्यात घालून दुसऱ्या दिवशी सकाळीच तो सायकल मारत अरणगावला गेला. आसारामचा टांगा दारातच उभा, वर ट्रंक चढवलेली. रूथबाई गाडी पकडायला निघाली होती. लालमहंमदने डबा उघडून पुढे धरला. तिने आतल्या पट्ट्या पाहिल्या आणि खाली बसलीच.

"सांग तिला," तो आसारामला म्हणाला, "माझ्या हातून पाप झालं."

आसाराम मोठ्या मनाचा माणूस. त्याने प्रकरण मिटवायचं ठरवलं. "मिष्टेक," तो बाईला म्हणाला. "चाचा नो सी."

"काय सांगितलंस?"

"तुमाला दिसलं न्हाई म्हून सांगितलं. ऱ्हाऊ द्या की चाचा. निघालीच हाय आता ती."

बाई मान हलवत होती. तिचा चेहरा निवळायला लागला होता. लालमहंमदने आता नुसतं गप्प राहायचं होतं, बास. ते त्याला जमलं नाही.

"नाही," तो म्हणाला. त्याने बोट आपल्या डोळ्याला लावलं, मग डब्यातल्या निळ्या अक्षराला लावलं, आणि मग तळहात पात्यासारखा सरकन खाली आणला. पुन्हा एकदा केलं. डोळा, अक्षर, पातं.

ह्याला टांग्यापुरतं इंग्रजी लागत नव्हतं. रूथबाईचा चेहरा लालबुंद झाला. ती उठून त्याच्यावर ओरडली, खूप काही बोलली. आसारामने त्यातला एक शब्दही मराठीत आणला नाही. लालमहंमद मान खाली घालून ऐकत राहिला. त्या दिवशीच्या नमस्कारापेक्षा हे त्याला फार बरं वाटलं.

शेवटी ती थांबली. डोळे पुसले. पिशवीतून तेच पुस्तक काढलं, त्यात कागदावर पत्ता लिहून घातला आणि पुस्तक डब्यावर ठेवून त्याच्या हातात दिलं.

"जोडून धाड म्हणती," आसाराम म्हणाला, आणि टांगा निघाला.

ज्याने कापलं त्याच्याच हवाली करून गेली! लालमहंमदच्या मनावर हे ओझं ओरडण्याहून जड बसलं. त्याने आपल्याच हाताने घातलेली शिलाई उसवली आणि पानं सुटी केली. दिवसभराची कामं उरकली की तो डबा उघडायचा. वाचता तर येत नव्हतं. पानावर उरलेलं अक्षराचं शेपूट आणि पट्टीवरचं अक्षराचं तोंड, हे जुळतंय का तेवढं बघायचं. जुळलं की मागून झिरझिरीत कागद लावायचा. कधी आठवड्याला चार पट्ट्या जुळायच्या, कधी एकही नाही.

रविवारी सहादेव येऊन जुळलेलं वाचून दाखवायचा. "इथे लिहिलंय, हे गाणं लागलं की आई रेडिओ बंद करायची. इथे लिहिलंय, रूथ, ह्यावर तू अनवाणी नाचली होतीस आणि पायात काच घुसली होती." मग सहादेव समासातून मजकुरात शिरला आणि त्याचं हसणं हळूहळू बंद झालं. हा सगळा गोंगाट म्हणे कापसाच्या रानात सुरू झाला होता. गुलामांची पोरंबाळं, काळी माणसं, कापूस वेचता वेचता गायची. तेच गाणं पुढे शहरात गेलं, त्याला विजेची गिटार लागली आणि गोऱ्यांची पोरं त्यापायी वेडी झाली. त्या पानाच्या समासात भावाने लिहिलं होतं, "रूथ, इथूनच सगळं आलं. हे पान दोनदा वाच."

लालमहंमदची आई श्रीरामपूरकडे कापूस वेचायला जायची. पदराची झोळी करून, बायकांच्या रांगेत, गात. त्याने सहादेवला ते पान दोनदा वाचायला लावलं.

काम संपायला वर्ष लागलं. अकरा पट्ट्या कुठेच मिळाल्या नाहीत. कुणाकुणाच्या बांगड्यांबरोबर त्या खेड्यापाड्यांत गेल्या होत्या. त्या जागी त्याने कोरा कागद जोडला. पुन्हा पुस्तक शिवलं, आणि कड मात्र कापली नाही. तशीच वेडीवाकडी ठेवून पुस्तक पोस्टाने पाठवलं.

ऐन दुष्काळात, गावात पाण्याच्या टँकरमागे माणसं धावत असताना पत्र आलं. सहादेवने उंबऱ्यात उभं राहून वाचलं. पुस्तक पोचलं. अकरा कोऱ्या जागांपैकी आठ ठिकाणी भावाने काय लिहिलं होतं ते आठवलं, ते मी माझ्या हाताने लिहिलं. तीन जागा कोऱ्याच आहेत. तिथे काय होतं ते खूप आठवूनही आठवत नाही. तुमचा राग आता राहिलेला नाही.

"सुटलात चाचा," सहादेव म्हणाला. "माफ केलं तिने."

"कोणती पानं? त्या तीन जागांची?"

पत्रात आकडे होते. सहादेवने वाचले. लालमहंमदने खडू घेतला आणि मशीनच्या लाकडावर ते लिहून ठेवले. मग खडू तसाच हातात धरून तो डोळे मिटून बसला. ती तीन पानं कापायच्या आधी त्याने चाळली होती. त्यांच्यावर नजर फिरवणारा दुनियेतला शेवटचा माणूस तोच होता. जे बहिणीला आठवत नव्हतं, ते त्याच्या डोळ्यांपुढून गेलेलं होतं. निदान अक्षराचं वळण तरी आठवावं, एक ओळ, एक बाण, म्हणून त्याने जीव काढला.

त्याला निळी शाई तेवढी दिसत होती. तो तिला मनात घाण म्हणाला होता, तेही आठवत होतं.

"चाचा, उत्तरात काय लिहू?" सहादेवने विचारलं.

"लिही," लालमहंमद म्हणाला, "की मलाही आठवत नाही."