न आलेला मुराळी

नागपंचमीला माहेरवाशिणीला न्यायला जो भाऊ येतो, त्याला आमच्याकडं मुराळी म्हणतात. माझ्या दारात तो कधी आला नाही. नवरा वारल्यावर मी सोलापुरात कारखान्यांतल्या डागी चादरी उचलून विकायला लागले. माहेरच्यांना ते कमीपणाचं वाटलं. पुढं स्वतःचं दुकान टाकलं, तरी मुराळी आला नाही. माझं माहेर मोहोळ, काही लांब नाही. हा राग मी चांगला जपून ठेवला होता.

वहिनीनं भावावर, आईवर आणि माझ्यावर हुंड्यासाठी छळ केल्याची केस केली, तेव्हा तोच राग कामाला आला. वकील म्हणाले, गुन्हा रद्द करून घ्यायला तिघांचा मिळून हायकोर्टात एकच अर्ज करू. मी विचारलं, तिघांत माझी बाजू भक्कम आहे ना? ते हो म्हणाले. मग चांगला माल डागी मालाच्या गठ्ठ्यात कशाला बांधता, माझा अर्ज वेगळा करा, असं मी त्यांना सुनावलं. आवाज चढलाच होता. त्यांनी शांतपणे विचारलं, "ताई, माहेरशी येणंजाणं नव्हतं, हे दाखवायला काय आहे तुमच्याकडं?"

मी मुराळ्याचं सांगितलं. ते खूश झाले. मला सणावारालाही नेत नसत, त्या घराशी माझा काही संबंध उरला नव्हता, असं त्यांनी लिहिलं. मी सही केली.

एक गोष्ट मी सांगितली नाही. एका पंचमीला मीच न बोलावता एसटीनं मोहोळला गेले होते. वहिनी नवी साडी नेसून, पिशवी भरून बसली होती. तिचा धाकटा भाऊ वळसंगहून तिला न्यायला आला. आईनं त्याला उंबऱ्यावरच अडवलं आणि लग्नात कबूल केलेल्या मोटारसायकलीचं विचारलं. ती अजून दिली नव्हती. आई म्हणाली, "मग बहिणीला काय चालवत नेतोस व्हय?"

मी हसले. चांगली मोठ्यानं हसले. मला मुराळी नाही तर तिला कशाला, एवढंच मनात होतं. पोरगा तसाच परत गेला. वहिनीनं साडी बदलली, पुरणाची दिंडं उकडली आणि मला गरम गरम वाढली. वर तूपही सोडलं.

फिर्यादीत माझ्याबद्दल एवढंच होतं, की नणंदही सासूला साथ देत असे. हसल्याचं तिनं लिहिलं नव्हतं. हायकोर्टाची सुनावणी कोल्हापूरला झाली. कोर्ट म्हणालं, आरोप मोघम आहेत, या बाईनं नेमकं काय केलं ते कुठंच दिसत नाही. माझ्यावरचा गुन्हा रद्द झाला. आईच्या आणि भावाच्या अर्जाला कोर्ट राजी दिसेना, तो त्यांना मागं घ्यावा लागला. त्यांची केस अजून चालू आहे.

यंदा पंचमीच्या आदल्या दिवशी भाऊ दुकानाच्या पायरीशी येऊन उभा राहिला. गिऱ्हाईक असेल म्हणून मी वर बघितलंही नाही.

"आईनं धाडलंय अक्का. चल की."

आत्ताच कशी आठवण झाली, असं मी विचारलं.

"वकिलानं तुजा अर्ज वाचून दावला. आई म्हणाली, पोरीनं लिवलंय ते खरंच हाय. आमीच कदी न्हेलं न्हाय."

हेच तर मला जन्मभर त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं. ऐकलं आणि मान वर करवेना. बोलायचं म्हणून विचारलं, वहिनी कुठं असते. माहेरी, वळसंगलाच, तो म्हणाला.

"घर सोडलं तवा तिला न्यायला कोण आलं होतं?"

"कोन न्हाय. एकटीच गेली एसटीनं."

मी चादरींच्या घड्या मोडून परत घालायला लागले.  शेवटी मी म्हणाले, उद्या गिऱ्हाइकांची गर्दी असते, दुकान सोडता येणार नाही.

पंचमीला मी दुकान उघडत नाही, हे दारावरच्या पाटीवरूनच त्याला ठाऊक होतं. तो बरं म्हणाला आणि गेला.