राइट आउट उत्तरेश्वर

तेरमध्ये उत्तरेश्वर नावाची माणसं पुष्कळ. गावच्या देवाचं नाव, लोक ठेवतातच. पण मी सांगतोय तो उत्तरेश्वर कलकत्त्याच्या एका मोठ्या क्लबाकडून फुटबॉल खेळत होता, आणि हे आमच्या गावात कुणाला खरं वाटत नाही. वाटू नये याची तजवीज त्यानं स्वतःच करून ठेवली. त्याचा मला राग येतो, म्हणून लिहायला बसलो.

मी तेरच्या शाळेत मास्तर. उत्तरेश्वर माझ्याच वयाचा. निजामाच्या राज्यात तो शिकायला म्हणून धाराशिवला मामाकडं राहिला आणि शिकला काहीच नाही. पोलीस लाइनीच्या मैदानावर शिपाई फुटबॉल खेळायचे. त्यांच्यात हा अनवाणी घुसला आणि तिथंच रमला. पुढं राज्य विलीन झालं, माणसं इकडची तिकडं झाली, त्या गडबडीत कुणीतरी त्याला हैदराबादला नेऊन एका कापडगिरणीच्या टीममध्ये घातलं. हजेरी सूतखात्यात, काम खेळायचं.

एकदा परीक्षेच्या निमित्तानं मी हैदराबादला गेलो होतो, तेव्हा त्याचा खेळ पाहिला. तो राइट आउट होता, म्हणजे मैदानाच्या उजव्या कडेनं पळणारा. चेंडू पायाशी आला की क्षणभर थांबायचा. समोरच्याला वाटायचं, हा आता आत वळणार, आणि तोवर हा कडेनं पार निघून गेलेला असायचा. लोक ‘उस्मानाबादी, उस्मानाबादी’ म्हणून ओरडत होते. आमच्याकडं उस्मानाबादी म्हटलं की शेळी डोळ्यांपुढं येते, त्यामुळं आधी मला हसू आलं. मग आपल्या गावच्या पोरासाठी एवढी माणसं उठून उभी राहिलेली बघितली आणि मीही त्यांच्याबरोबर ओरडू लागलो. गावात परत येऊन मी हे ज्याला त्याला सांगत सुटलो. मास्तर वाढवून सांगतात, असं लोक म्हणाले.

त्याचा थोरला भाऊ दगडोबा तर ऐकूनच घ्यायचा नाही. वडील लवकर गेले होते. दगडोबानंच धाकट्याला लहानाचा मोठा केला होता. चेंडू लाथाडल्याबद्दल कुणी पगार देतं, हे त्याला पटेना. पोरगं शहरात काहीतरी वेगळंच करतंय आणि लाजेनं लपवतंय, असं त्याला पहिल्यापासून वाटायचं.

पंचावन्न साली कलकत्त्याच्या क्लबानं उत्तरेश्वरला बोलावून घेतलं आणि घरातलं दुखणं वाढलं. कलकत्त्याचा हंगाम नेमका मृगाच्या आधी सुरू व्हायचा आणि दसरा जवळ आला की संपायचा. म्हणजे पेरणी, कोळपणी, खुरपणी, सगळं दगडोबाच्या आणि उत्तरेश्वरच्या बायकोच्या, सारजाबाईच्या अंगावर. धाकटा यायचा तो ज्वारीच्या पेरणीला, गोरा होऊन, भांग पाडून. बांधावरचे लोक दगडोबाला विचारायचे, भाऊ पाव्हणा आलाय व्हय? दगडोबा मग रात्री जेवताना धाकट्याशी बोलायचा नाही.

हंगेरीतल्या खेळाडूंचं उत्तरेश्वरला मीच वाचून दाखवलं होतं. त्यांच्या देशात मोठी धुमश्चक्री झाली, बाहेर असलेले काही नामांकित खेळाडू परत गेलेच नाहीत आणि परक्या देशांतल्या क्लबांकडून खेळू लागले, असं वर्तमानपत्रात आलं होतं. मला वाटलं, याला अभिमान वाटेल, आपल्यासारखेच आहेत म्हणून.

त्यानं विचारलं, “आन् त्यांची घरं?”

“घरं राहिली तिकडंच.”

“त्यांना परत जाता येत न्हाय,” तो म्हणाला. “मला येतंय. पर मास्तर, दरसाली आलो की घरातली माजी जागा उलीशी कमी झालेली असती.”

एकोणसाठच्या दिवाळीत दगडोबानं सांगून टाकलं की येत्या गुढीपाडव्याला वाटणी करायची. शेत दोन, चूल दोन. उत्तरेश्वर माझ्याकडं आला तो धड बसेना. त्यानं धोतर वर करून गुडघा दाखवला. वाटीएवढा सुजलेला. क्लबापासून त्यानं वर्षभर तो लपवला होता.

“ह्यो गुडघा आता लई दिवस चालायचा न्हाय. खेळ सुटला की मला घरीच यायचंय. वाटणी झाल्यावर मी यायचं कुणाकडं? दादांनीच वाढवलंय मला.”

मग त्यानं त्याचा बेत सांगितला. संक्रांतीच्या सुमारास त्यांचा क्लब मुंबईहून परतताना सोलापुरात एक नुमाइशी, म्हणजे नुसता लोकांना दाखवायचा, सामना खेळणार होता. मी दगडोबाला घेऊन यायचं.

“एकदा बघू द्या दादांना. एकदा बघितलं की ते वाटणीचं नाव काढायचे न्हाईत.”

दगडोबाला नेणं सोपं नव्हतं. शेवटी सिद्धेश्वराच्या जत्रेत, गड्ड्यात, बैल बघायचे आहेत, असं त्यानं स्वतःच काढलं आणि धाराशिवहून आम्ही एस.टी.त बसलो. वाटेत त्यानं फुटबॉलचा एक शब्द काढला नाही. पण उतरल्यावर बैलबाजाराकडं न वळता त्यानं मलाच विचारलं की ते मैदान कुठं आहे. पटका नवा बांधला होता.

मैदानाभोवती गिरणीकामगारांची ही गर्दी. आम्ही दोरीजवळ जागा धरली. खेळाडू बाहेर आले, त्यांत उत्तरेश्वर होता. गुडघ्याला पट्टी होती. त्यानं आम्हाला हेरलं आणि तोंडभर हसला. दगडोबा मान उंच करून बघत होता. एवढ्यात त्यांच्या मॅनेजरनं उत्तरेश्वरला थोडं पळायला लावलं, वळायला लावलं. दुसऱ्या वळणाला त्याचा पाय मुडपला. मॅनेजरनं खांद्यावर हात ठेवून त्याला बाजूच्या बाकावर बसवलं आणि एका कोवळ्या पोराला त्याच्या जागी आत पाठवलं. तेव्हा एकदा सामना सुरू झाला की बदली माणूस घेत नसत. म्हणजे आज उत्तरेश्वर मैदानात उतरणारच नव्हता.

“उत्तऱ्या कवा उठायचा?” दगडोबानं विचारलं.

“आज पाय दुखावलाय त्याचा. बाहेर बसवलंय.”

हाफटाइम झाला. त्या कोवळ्या पोराच्या पोटरीत गोळा आला होता. उत्तरेश्वर लंगडत गेला, गवतावर बसला, पोराचा पाय मांडीवर घेतला आणि तेल लावून चोळू लागला. खेळात यात कमीपणा कसलाच नाही. एकमेकांचे पाय सगळेच चोळतात. आपल्या जागी खेळणाऱ्या पोराला धड पळता यावं म्हणून तो ते करत होता. माझ्या मते त्या दिवशी मैदानावर त्याच्याएवढा मोठा माणूस दुसरा नव्हता. पण दगडोबाला दिसलं ते एवढंच, की आपला भाऊ परमुलखात परक्यांचे पाय चेपतो.

“ह्ये काम व्हय त्याचं,” तो हळू म्हणाला.

“दगडोबा, तसं नाही. तो खेळतो. मी हैदराबादला डोळ्यांनी पाहिलंय.”

“तुमी बी त्याला सामील हाय, मास्तर. त्यानं सांगाया लावलं, तुमी सांगितलं.”

उरलेला सामना त्यानं पाहिलाच नाही. पटक्याच्या शेवानं डोळे पुसत खाली बघत बसला. सामना संपल्यावर उत्तरेश्वर दोरीपाशी आला. त्याचा चेहरा उतरला होता.

“दादा, आज गुडघ्यानं—”

दगडोबानं त्याचे दोन्ही हात धरले. हात तेलकट होते. दगडोबानं नव्या पटक्याच्या शेवानं एकेक बोट पुसलं.

“इतकी वर्सं लोकांचे पाय चेपलंस, आन् मला सांगितलं न्हाईस. म्या खायला घातलं नसतं व्हय तुला? वाटणीबिटणी काय न्हाय. माजीच चूक झाली. घरी चल.”

मी तोंड उघडलं. माझ्या जिभेवर हैदराबाद होतं, कलकत्ता होतं, सगळं होतं. उत्तरेश्वरनं माझ्याकडं बघून नको म्हणून मान हलवली.

“व्हय दादा,” तो म्हणाला. “चला.”

गाडीची वाट बघताना दगडोबा तिकीट काढायला गेला, तेव्हा मी उत्तरेश्वरला चांगलंच फैलावर घेतलं. तो ऐकून घेत होता. शेवटी म्हणाला, “खेळ तर गेलाच, मास्तर. घर मिळतंय, ते घेऊ द्या.”

तो परत कलकत्त्याला गेला नाही. दगडोबानं शब्द पाळला, चूल एकच राहिली. धाकट्याला चिखलात उतरू दिलं नाही, राखणीची कामं दिली. कलकत्त्यातल्या पाय चेपण्याबद्दल घरात कुणी विचारायचं नाही, अशी सगळ्यांना ताकीद दिली, आणि त्या ताकिदीमुळंच गावाला सगळं समजलं. उत्तरेश्वर कलकत्त्यात पाय चेपायला होता, असं पाराबिरावर बोललं जाऊ लागलं. मी सारजाबाईला खरं सांगितलं. ती म्हणाली, “मला ठावं हाय. पर थोरल्यांना सांगू नगा. त्यांनी घर एक ठेवलंय.” मग मीही गप्प बसलो. एकाच घरातली तीन शहाणी माणसं एका गैरसमजावर सुखानं जेवत होती, आणि मला तो घास गिळवत नव्हता.

सहासष्ट साली दगडोबाला हिवतापानं धरलं. मी बघायला गेलो. तो घोंगड्याखाली कण्हत होता, पाय फुटताहेत म्हणत होता. उत्तरेश्वर पायथ्याशी बसला, भावाचा पाय मांडीवर घेतला आणि चेपू लागला. दगडोबानं डोळे उघडले. कोण चेपतंय हे कळल्यावर त्या तापातही त्यानं पाय ओढून घेतला.

“नगं,” तो म्हणाला. “तुजं ते काम सुटलंय आता. माज्या घरात तुला कुणाचे पाय धरू देणार न्हाय.”

दगडोबा अंगाचं मुटकुळं करून भिंतीकडं वळला आणि स्वतःच आपल्या हातानं पोटऱ्या दाबत राहिला. भाऊ हातभर अंतरावर बसला होता, दोन्ही तळवे मांडीवर उताणे ठेवून.